देशोदेशींचे कलावंत : परत आलेला नट

गायकाचा गळा, चित्रकाराचा कुंचला आणि नर्तकीचे पाय हीं त्यांच्याबरोबर कोणत्याही देशांत जाऊं शकतात. व्हायोलिन बुडापेस्टमध्यें वाजविलें काय आणि न्यूयॉर्कमध्यें वाजविलें काय, ऐकणाऱ्यास तें सारखेंच कळतें. नटाची गोष्ट मात्र निराळी आहे. त्याचें वाद्य म्हणजे त्याची भाषा. आणि ती भाषा जाणणारें माणूस समोर नसेल तर तें वाद्य मुकें होतें. मूकपटांच्या काळांत ही अडचण फारशी भासत नव्हती. पडद्यावरील अक्षरें बदललीं कीं एका देशाचा नट दुसऱ्या देशाचा होऊन जाई. बोलपट आला आणि नटास वाणी मिळाली. परंतु त्याच वाणीनें त्याच्या राज्याच्या सीमाही आंखून टाकल्या.

या सीमांचा अर्थ ज्यास स्वतःच्या आयुष्याची किंमत देऊन कळला, अशा एका नटाची हकीकत आज आम्ही वाचकांस सांगणार आहों. त्यांचें नांव पाल यावोर. हंगेरीबाहेर हें नांव आज फारसें कोणास ठाऊक नाहीं; परंतु दुसऱ्या महायुद्धापूर्वीच्या दहा-बारा वर्षांत हंगेरीच्या रजतपटावर त्यांच्या तोडीचे लोकप्रिय नायक फार थोडे होते. युद्धाच्या अखेरीस ते तुरुंगांत होते. युद्धानंतर सुमारें अकरा वर्षें ते अमेरिकेंत होते. आणि ज्या वेळीं लक्षावधि माणसें हंगेरी सोडून बाहेर पडलीं होतीं, त्याच सुमारास ते उलट दिशेनें आपल्या देशीं परतले. हें परतणें आम्हांस त्यांच्या साऱ्या चित्रपटांहून अधिक विचार करण्यासारखें वाटतें.

यावोर यांचा जन्म ३१ जानेवारी १९०२ रोजीं आराद या शहरीं झाला. त्या वेळीं आराद ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यांत होतें. पहिल्या महायुद्धांत हें साम्राज्य मोडलें आणि १९२० च्या ट्रियानॉनच्या तहानें जुन्या हंगेरीचा सुमारें दोन-तृतीयांश प्रदेश शेजारच्या राष्ट्रांकडे गेला. आराद रुमानियाच्या वांट्यास आलें. म्हणजे हा मुलगा वयांत येतो न येतो तोंच त्याचें जन्मगांव परक्या देशांत जमा झालें. घरची परिस्थिति बेताची. डोक्यांत मात्र रंगभूमीचें वेड. लहान वयांतच त्यानें बुडापेस्टची वाट धरली, नाट्यशिक्षण घेतलें आणि पुढें कांहीं वर्षें लहानसहान गांवांच्या नाटकमंडळ्यांतून उमेदवारी केली. त्याचें मूळचें आडनांव येरमान असें जर्मन धाटणीचें होतें. रंगभूमीसाठीं त्यानें तें टाकून 'यावोर' हें मग्यार नांव घेतलें. त्या भाषेंत यावोर म्हणजे मेपलचा वृक्ष. हंगेरियन लोक आडनांव प्रथम आणि नांव मागाहून सांगतात. त्यामुळें तेथील जाहिरातींवर त्यांचें नांव 'यावोर पाल' असें झळकत असे. नांवाची ही बाब वाचकांनीं ध्यानांत ठेवावी. ती पुढें कामास येणार आहे.

१९३१ सालीं हंगेरियन बोलपटाचा जन्म झाला. 'निळी मूर्ति' या पहिल्या बोलपटांत यावोर होते आणि त्याच वर्षीं आलेल्या 'हुजऱ्या हिपोलित' या दुसऱ्या बोलपटानें तर त्यांना घरोघर पोंचविलें. इश्तवान सेकेय यांनीं दिग्दर्शित केलेलें हें चित्र विनोदी आहे, आणि त्याचें कथानक कोणत्याही कुटुंबवत्सल वाचकास सहज पटण्याजोगें आहे. मालवाहतुकीच्या धंद्यांत नव्यानें श्रीमंत झालेला एक गृहस्थ. त्याच्या पत्नीस खानदानी थाटाची हौस. म्हणून ती एका उमरावाच्या घरीं चाकरी केलेला हुजऱ्या ठेवते. हा हिपोलित हां हां म्हणतां सारें घर ताब्यांत घेतो. कोणी काय नेसावें, कोणी काय खावें, हें तोच ठरवूं लागतो. आणि घरधन्यास स्वतःच्या घरांत कांदा खाण्याची चोरी होते! अखेरीस घरधनी हुजऱ्यास हांकलून देतो, आणि थोरामोठ्यांच्या पोराशीं ठरत असलेलें मुलीचें लग्न मोडून तिच्या मनांतला तरुण तिला मिळतो. तो तरुण म्हणजे यावोर. हिपोलितचें काम जुला चोर्तोश या थोर नटानें केलें होतें आणि घरधन्याचें काम जुला काबोश या विनोदी नटानें.

या चित्राची एक गोष्ट आमच्या आजच्या विषयाच्या दृष्टीनें महत्त्वाची आहे. तेंच कथानक घेऊन त्याची जर्मन आवृत्तिही त्याच वेळीं निराळ्या नटांकडून तयार करण्यांत आली. हंगेरियन नट जर्मन प्रेक्षकांपुढें जसेच्या तसे नेऊन चालत नव्हतें. बोलपटानें उभारलेली सीमा ती हीच.

मग्यार भाषा युरोपांतील बहुतेक भाषांहून वेगळ्या कुळांतली आहे. जर्मन, फ्रेंच, इंग्रजी, रुमानियन, इतकेंच काय, आपली मराठीदेखील एका दूरच्या नात्यानें एकमेकींच्या बहिणी लागतात. मग्यार मात्र त्या घराण्यांतली नव्हे. तिचें नातें आहे तें दूरच्या फिनिश भाषेशीं. शेजारच्या राष्ट्रांतील माणसास तिचा एक शब्दही आपोआप उमगत नाहीं. आणि या भाषेंत एक गंमत अशी कीं, आपल्या 'तूं', 'तुम्ही' आणि 'आपण' यांसारखे संबोधनाचे निरनिराळे प्रकार तिच्यांतही आहेत. प्रेमिकांच्या प्रवेशांत नायक आदरार्थी शब्द सोडून प्रथम ज्या क्षणीं 'तूं' म्हणतो, त्या एका क्षणांत प्रेक्षकांस सारें कळून येतें. हात हातांत घेण्याचीही जरूर पडत नाहीं. धनी, नोकर, सासरा, जांवई यांतील अंतरें या शब्दांनींच मोजलीं जातात. इंग्रजींत या सगळ्यांसाठीं एकच शब्द. आतां ज्या नटाचें निम्में कसब या अंतरांवर उभें आहे, त्यास इंग्रजींत उभें केलें तर त्याचें काय होईल, याची कल्पना मराठी वाचकास तरी कठीण जाऊं नये.

बारीक मिशी, रुंद खांदे, थोडा बेफिकीर आणि थोडा उदास चेहरा, जिप्सींच्या वाद्यवृंदापुढें रात्र रात्र जागविणारा रंगेल पुरुष, अशी यावोर यांची प्रतिमा लोकांच्या मनांत ठसली. प्रत्यक्ष स्वभावांतही हा तापटपणा आणि हा रंगेलपणा पुष्कळ होता, आणि त्याचा त्रास त्यांना स्वतःस व त्यांच्या माणसांस झाल्यावांचून राहिला नाहीं. परंतु केवळ रूपावर जगणारे नट ते नव्हते. १९३५ पासून ते बुडापेस्टच्या राष्ट्रीय नाट्यगृहांत होते, आणि तेथें अभिजात नाटकांतील भूमिका करण्याचा मान मिळणें ही साधी गोष्ट नव्हती. १९३० ते १९४४ या अवधींत त्यांनीं पन्नासांहून अधिक चित्रपटांत कामें केलीं. त्यांपैकीं १९३९ सालचा 'मृत्यूचा वसंत' हा लायोश झिलाही यांच्या कादंबरीवरून घेतलेला चित्रपट विशेष गाजला. त्यांत त्यांच्याबरोबर कातालिन कारादी ही नवी नटी प्रथमच पडद्यावर आली आणि एका चित्रानें तारका झाली.

परंतु या झगमगाटामागें अंधार दाटत चालला होता. १९३८ सालीं हंगेरीच्या पार्लमेंटनें ज्यूविरोधी पहिला कायदा केला. नाटक, चित्रपट, वृत्तपत्रें यांसारख्या व्यवसायांत ज्यूंचें प्रमाण शेंकडा वीसांवर जाऊं नये, असें त्यानें ठरविलें. पुढल्याच वर्षींच्या दुसऱ्या कायद्यानें तें शेंकडा सहांवर आणलें. 'हुजऱ्या हिपोलित' ज्यांनीं घडविला त्या मंडळींचीच पांगापांग झाली. दिग्दर्शक सेकेय १९३८ मध्यें अमेरिकेस गेले. ज्याच्या कांद्याच्या हौसेवर सारी हंगेरी पोट धरधरून हंसली होती तो काबोश १९३९ मध्यें देश सोडून गेला आणि १९४१ सालीं न्यूयॉर्कमध्यें वारला.

यावोर यांना स्वतःस या कायद्यांचें भय नव्हतें. ते ज्यू नव्हते. मात्र त्यांची पत्नी ओल्गा लांदेसमान ही ज्यू घराण्यांतली होती. १९३४ मध्यें त्यांचा विवाह झाला होता. ज्या काळांत अशा विवाहानें नटाच्या वैभवास धोका पोंचूं लागला, त्या काळांत पत्नीस दूर करून आपली जागा राखण्याचा मार्ग पुष्कळांस मोकळा होता, आणि तसें करणारे पुरुष युरोपांत थोडे नव्हते. यावोर यांनीं तें केलें नाहीं. नाझी विचारांच्या मंडळींविषयींचा आपला तिटकाराही त्यांनीं लपवून ठेवला नाहीं. ज्या पुरुषाच्या रंगेलपणाच्या गोष्टी सारें शहर चवीनें सांगत होतें, तो या एका बाबतींत ढळला नाहीं, ही गोष्ट आम्हांस त्याच्या चरित्रांत फार मोलाची वाटते. मनुष्याची परीक्षा ज्या ठिकाणीं होईल असें लोकांस वाटतें, तेथें ती बहुधा होत नाहीं.

१९ मार्च १९४४ रोजीं जर्मन सैन्यानें हंगेरीचा ताबा घेतला. यावोर यांची रंगभूमि बंद झाली. १५ ऑक्टोबर रोजीं 'ॲरो क्रॉस' या हंगेरियन नाझी पक्षाच्या हातीं सत्ता गेली, आणि त्यानंतर यावोर यांना अटक झाली. ऑस्ट्रियाच्या सरहद्दीजवळील शोप्रोनकोहिदा या तुरुंगांत त्यांना ठेवण्यांत आलें. हा तुरुंग त्या हिवाळ्यांत राजबंद्यांनीं भरलेला होता. जर्मनांच्या विरुद्ध उभे राहिलेले पुढारी एन्द्रे बाइची-झिलिन्स्की यांना याच ठिकाणीं २४ डिसेंबर १९४४ रोजीं फांशीं देण्यांत आलें. पुढें यावोर यांना जर्मनींत नेण्यांत आलें, आणि युद्ध संपल्यावर १९४५ मध्यें ते बुडापेस्टला परत आले.

परत आले तें कोणत्या शहरांत? डिसेंबर १९४४ पासून १३ फेब्रुवारी १९४५ पर्यंत बुडापेस्टला सोव्हिएट सैन्याचा वेढा पडला होता. माघार घेतांना जर्मनांनीं डॅन्यूब नदीवरील पूल उडवून दिले होते. बुडा एकीकडे आणि पेस्ट एकीकडे अशी शहराची दोन शकलें झालीं होतीं. त्यानंतर महागाई आली ती अशी कीं जगाच्या इतिहासांत तिला तोड नाहीं. १९४६ च्या जुलै महिन्यांत जिनसांच्या किंमती पंधरा-सोळा तासांत दुप्पट होत होत्या. सकाळीं मिळालेल्या पगाराची संध्याकाळीं भाजीसुद्धां येत नसे. १ ऑगस्ट १९४६ रोजीं जुनें पेंगो नाणें रद्द होऊन फोरिंट हें नवें नाणें सुरू झालें तेव्हां कोठें लोकांचा जीव भांड्यांत पडला. अशा दिवसांत चित्रपट काढणार कोण आणि पाहणार कोण? युद्धानंतरच्या त्या पहिल्या दोन वर्षांत तेथें मोजकींच चित्रें निघालीं.

आपण सोसलेल्या दिवसांची हकीकत यावोर यांनीं 'एक नट सांगतो' या नांवाच्या पुस्तकांत लिहिली. तें १९४६ सालीं प्रसिद्ध झालें. परंतु तुरुंगांतून सुटून आलेल्या मनुष्याची एक अपेक्षा असते. दार उघडल्यावर घरच्यांनीं आपल्यासाठीं जागा राखून ठेवलेली असावी, असें त्यास वाटतें. यावोर यांना ती जागा दिसेना. रंगभूमीचीं सूत्रें नव्या लोकांच्या हातीं गेलीं होतीं. नवीं नाटकें आणि नव्या निष्ठा यांचा काळ सुरू झाला होता. जुन्या राजवटींतील उमराव, लष्करी अधिकारी आणि खुशालचेंडू तरुण यांच्या भूमिका करणारा नट त्यांना जुन्या राजवटीचाच अवशेष वाटला असल्यास नवल नाहीं. त्या राजवटीच्याच अखेरच्या वारसांनीं त्यास बंदींत टाकलें होतें, ही गोष्ट कोणाच्या हिशेबांत आली नाहीं. नाराज होऊन यावोर १९४६ मध्यें पत्नीसह अमेरिकेस निघून गेले.

अमेरिकेंत हंगेरियन लोकांच्या मोठ्या वसाहती होत्या. तेथील सभागृहांतून यावोर यांनीं दौरे काढले. जुनीं गीतें, जुने प्रवेश, जुन्या आठवणी. प्रेक्षक डोळे पुसत आणि टाळ्या वाजवीत. पण हा प्रेक्षकवर्ग मोजका आणि विखुरलेला होता. त्यांचीं मुलें इंग्रजी शाळांत जाणारीं. त्यांस या पाहुण्याचें भाषण अर्धेंमुर्धेंच कळणार. अशा दौऱ्यांवर वर्षानुवर्षें संसार चालत नाहीं. पोटासाठीं रंगभूमीबाहेरचीं किरकोळ कामेंही त्यांना करावीं लागलीं.

हॉलिवुडनें त्यांना दोनदां बोलाविलें. १९५१ सालच्या 'द ग्रेट कारूसो' या चित्रपटांत मारियो लान्झा हा प्रख्यात इटालियन गायक कारूसो झाला होता. त्यांत कारूसोचा मित्र स्कॉटी याची लहानशी भूमिका यावोर यांना मिळाली. म्हणजे एक हंगेरियन नट इटालियन गायकाचें सोंग घेऊन इंग्रजी बोलत होता! दुसरा चित्रपट १९५२ चा 'असाइनमेंट पॅरिस'. त्यांत एका अमेरिकन वार्ताहरास बुडापेस्टमध्यें अटक होते, असें कथानक आहे. बुडापेस्टच्या तुरुंगवासाची गोष्ट पडद्यावर सांगितली जात होती. आणि त्या देशाचा तुरुंग खरोखर पाहून आलेला, एके काळचा बुडापेस्टचा लाडका नायक तेथें कोपऱ्यांतल्या भूमिकेंत उभा होता. कथालेखकानें असा योग जुळविला असता तर आम्हीं त्यास ओढूनताणून आणलेला म्हटलें असतें.

चित्राच्या श्रेयनामावलींत त्यांचें नांव पाल यावोर असें नव्हतें. हंगेरियन क्रम उलटला, अक्षरांवरील स्वरचिन्हें गळालीं, आणि इंग्रजी वाचणाऱ्याच्या तोंडीं आद्याक्षराचा 'य' जाऊन 'ज' आला. 'यावोर पाल' याचा 'पॉल जेवर' झाला. मेपलच्या वृक्षाचा अर्थ तर कोणास कळण्याचा संभवच नव्हता.

येथें कोणी असें विचारील कीं, हंगेरीहून गेलेले दुसरे नट अमेरिकेंत नांवारूपास आले ते कसे? प्रश्न रास्त आहे. बेला लुगोशी हेही बुडापेस्टच्या राष्ट्रीय नाट्यगृहांत होते, त्यांचें जन्मगांवही आरादसारखेंच पुढें रुमानियांत गेलें. आणि १९३१ मध्यें 'ड्रॅक्युला' या चित्रानें ते जगप्रसिद्ध झाले. सोके साकाल हे गलेलठ्ठ गालांचे विनोदी नट १९४२ च्या 'कॅसाब्लांका'मध्यें दिसले आणि पुष्कळांस आवडले. परंतु यांच्या यशाचें रहस्य पाहण्यासारखें आहे. लुगोशींचे जड, परके उच्चार हेच रक्तपिपासु भुताच्या भूमिकेस शोभले. साकाल यांची मोडकी इंग्रजी हाच त्यांचा विनोद ठरला. हॉलिवुडनें त्यांची भाषा घेतली नाहीं, तिचा हेल तेवढा विकत घेतला. भूत आणि विदूषक यांस परका हेल खपून जातो. प्रेमी नायकास तो खपत नाहीं. यावोर अमेरिकेंत पोंचले तेव्हां त्यांचें वय चव्वेचाळीस होतें. नायक म्हणून नवा जन्म घेण्याचें तें वय नव्हतें, आणि विदूषक होण्यास त्यांचें मन तयार नसावें.

इकडे हंगेरींत काय चाललें होतें? १९४८ मध्यें चित्रपटधंदा सरकारच्या मालकीचा झाला. नव्या राजवटीस नवा नायक हवा होता, आणि तो तिनें खेड्यांतून आणला. १९५० सालीं पहिला हंगेरियन रंगीत चित्रपट 'लुदाश मात्यी' निघाला. जुलमी जमीनदारास तीनदां चोप देणाऱ्या गरीब पोराची ही लोककथा. त्यांत इम्रे शोश हा शेतकऱ्याच्या घरचा वीस वर्षांचा तरुण नायक झाला. १९५६ च्या 'मेरी-गो-राउंड' या चित्रांतील त्याचें काम पाहून कान चित्रोत्सवांतील परदेशी समीक्षकही हेलावले. परंतु पुढच्याच वर्षीं, अवघ्या सत्ताविसाव्या वर्षीं, तो आणि त्याची पत्नी राहत्या घरीं मृतावस्थेंत आढळलीं. नव्या काळाचा लाडका असणें हेंही सुखाचें नव्हतें, इतकेंच यावरून दिसतें.

जुन्यांपैकीं कालमान लाटाबार या विनोदी नटानें नव्या काळाशीं जुळवून घेतलें. यावोर यांच्याच वर्षीं, म्हणजे १९०२ सालीं जन्मलेल्या या नटानें १९४९ च्या 'मागनाश मिश्का'पासून १९५३ च्या 'सरकारी दुकान'पर्यंत लोकांस हंसविलें, आणि सरकारनें त्यास कोशुत पारितोषिक दिलें. 'मृत्यूचा वसंत'मधील कातालिन कारादी हिची गति मात्र निराळी झाली. १९४४ मध्यें गेस्टापोनें तिला पकडून छळलें होतें. तिनें ज्यू मुलांचे प्राण वांचविले होते. तरीही नव्या राजवटींत तिला कामें मिळेनाशीं झालीं. १९५१ मध्यें तिनें देश सोडला, ब्राझिलमधील साओ पाउलो येथें टोप्यांचें दुकान घातलें, पुढें न्यूयॉर्कला जाऊनही टोप्याच विकल्या, आणि १९९० मध्यें ती तेथेंच वारली. तिनें वांचविलेल्या जीवांची जाण ठेवून २००४ सालीं इस्राएलच्या याद वाशेम या संस्थेनें तिचा मरणोत्तर गौरव केला. म्हणजे एका चित्रपटाचे नायक-नायिका युद्धानंतर दोन खंडांत विखुरले. एकास भाषा नसलेली भूमिका मिळाली, दुसरीस भूमिकाच उरली नाहीं.

२३ ऑक्टोबर १९५६ रोजीं बुडापेस्टमध्यें उठाव झाला. ४ नोव्हेंबर रोजीं सोव्हिएट रणगाडे शहरांत शिरले आणि तो उठाव चिरडला गेला. त्या हिवाळ्यांत सुमारें दोन लक्ष लोक सरहद्द ओलांडून देशाबाहेर पडले. आणि १९५७ सालीं पाल यावोर अमेरिकेहून बुडापेस्टला परत आले.

या परतीचा राजकीय अर्थ लावणारे लोक दोन्ही बाजूंस होते. नवें सरकार आपल्या राज्यांत नामवंत माणसें परत येतात हें दाखविण्यास उत्सुक होतें. उलट परदेशांतील कित्येक हंगेरियन लोकांस हें परतणें म्हणजे शरणागति वाटली असेल. आम्हांस यांपैकीं कोणाचाच न्याय करावयाचा नाहीं. दोन लक्ष माणसें ज्या भीतीनें आणि ज्या आशेनें गेलीं ती भीति आणि ती आशा खरी होती. परंतु पंचावन्न वर्षांचा, प्रकृतीनें खंगत चाललेला एक नट ज्या ओढीनें आला ती ओढही तितकीच खरी होती. इतर माणसास परदेशांत हरवलेलें बरेंच कांहीं पुन्हां मिळवितां येतें. डॉक्टर नव्या गांवांत दवाखाना थाटतो, सुतार नव्या गांवांत लांकूड तासतो. नटास मात्र समोरच्या अंधारांत बसलेलीं, त्याचा प्रत्येक शब्द त्याच्याआधीं ओंठांवर आणणारीं माणसें लागतात. तीं अकरा वर्षांत त्यांना लाभलीं नव्हतीं. तीं एकाच ठिकाणीं होतीं.

आणि तीं माणसें त्यांना विसरलीं नव्हतीं. यावोर पुन्हां बुडापेस्टच्या रंगभूमीवर उभे राहिले. राष्ट्रीय नाट्यगृहानेंही त्यांस परत घेतलें. ज्या घरीं १९४५ मध्यें जागा दिसली नव्हती, त्या घरीं बारा वर्षांनंतर पाट मांडला गेला. मात्र जेवणास वेळ उरला नव्हता. प्रकृति ढासळत गेली आणि १४ ऑगस्ट १९५९ रोजीं, वयाच्या सत्तावनाव्या वर्षीं, त्यांचें बुडापेस्ट येथें निधन झालें. फार्काशरेतच्या स्मशानभूमींत त्यांस निरोप देण्यास फार मोठा जनसमुदाय लोटला होता. सरकारचें बोलावणें नसतां जमलेली अशी गर्दी त्या दिवसांत बुडापेस्टला विरळाच दिसत असेल.

अवघ्या दोन वर्षांसाठीं परत येऊन त्यांनीं काय मिळविलें, असें कोणी म्हणेल. हिशेब मांडला तर थोडेंच हातीं लागतें, हें खरें. तारुण्य गेलें होतें, पूर्वीचे सोबती पांगले किंवा वारले होते. परंतु नटाचा हिशेब वर्षांनीं करणें कितपत योग्य, याची आम्हांस शंका आहे. अकरा वर्षें पॉल जेवर म्हणून जगलेल्या मनुष्यास एखाद्या संध्याकाळीं रंगमंचावर पाऊल टाकतांच सभागृहांतून 'यावोर' हा शब्द बरोबर उच्चारांत ऐकूं आला असेल. त्या क्षणाची किंमत आपण बाहेरच्यांनीं ठरवूं नये.

ज्या घरांतील मुलें शिक्षणासाठीं वा पोटासाठीं सातासमुद्रांपलीकडे गेलीं आहेत, त्या घरांतील वडील माणसांस ही कथा आणखी थोडी निराळी वाटेल. परदेशांतून आलेलें पोर आईस 'तूं' म्हणून हांक मारतें तेव्हां त्या एका अक्षरांत काय असतें, हें त्यांस आम्हीं सांगावयास नको.

'हुजऱ्या हिपोलित' हा बोलपट हंगेरींत अजून पाहिला जातो. तो घडविणारीं माणसें आज कोणी उरलीं नाहींत. कोणी न्यूयॉर्कला वारलें, कोणी बुडापेस्टला. परंतु पडद्यावर घरधनी कांदा मागतो तेव्हां नातवंडें अजून हंसतात, आणि बारीक मिशीचा तो तरुण आपल्या भाषेंत प्रेमाचे दोन शब्द बोलतो तेव्हां तीं भाषांतरावांचून समजतात.